निकालपत्र वाचा!

११ नोव्हेंबर २०२५, अमरावती

सुटला! साडेसहा वर्षांनी देवमन सुटला.

दुपारी अकोल्याहून अवनीचा मेसेज. ही माझी भाची, तिथल्या कोर्टात वकिली करते. ‘आत्या, निर्दोष.’ एवढेच दोन शब्द. त्यानंतर दहाव्या मिनिटाला अख्ख्या महाराष्ट्राचा न्यायावरचा विश्वास उडाला. टीव्हीवर लाल पट्टी धावायला लागली — ‘शेषराव हत्याकांड : पारध्यांची टोळी मोकाट!’

टोळी म्हणजे किती जण? दोन. देवमन आणि त्याचा धाकटा भाऊ. त्यातला धाकटा तिसऱ्या वर्षी तुरुंगातच क्षयानं मेला. म्हणजे एक जिवंत आणि एक मेलेला अशी टोळी आज मोकाट सुटली आहे. अकोला जिल्ह्यानं दारं लावून घ्यावीत!

उद्धव म्हणाला, “आता तू बोलणार.” म्हटलं, अर्थात! “मग आधी बीपीची गोळी घे. न्याय काय, संध्याकाळपर्यंत थांबेल.” अडतीस वर्षांच्या संसारात या माणसानं माझं एकही भाषण शेवटपर्यंत ऐकलेलं नाही. म्हणूनच संसार टिकला असावा.

१२ नोव्हेंबर

चार पेपर आणवले. चौघांनाही एकदमच सुतक आलं आहे.

प्रकरण इथे लिहून ठेवते, भाषणात तारखा चुकायला नकोत. ९ एप्रिल २०१९. बार्शीटाकळीच्या पुढे एक खेडं. शेषराव नावाचे बऱ्यापैकी शेतकरी, वावरातच बांधलेलं घर. भरदुपारी दोन माणसं घरात शिरली. शेषरावांच्या डोक्यात कुऱ्हाड घातली. बायको सुभद्राबाई समोरच — तिच्या गळ्यातलं, कानातलं ओरबाडून नेलं. पोलीस दोन आठवडे नुसते फिरले. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की दहा किलोमीटरवर पारध्यांचा बेडा, म्हणजे वस्ती, आहे. झालं! तपास संपला. देवमन आणि त्याचा भाऊ उचलले. दागिने सापडले नाहीत, कुऱ्हाड सापडली नाही. पण ओळख परेडीत सुभद्राबाईनं दोघांकडे बोट दाखवलं. अख्खा खटला त्या एका बोटावर उभा.

आणि काल कोर्ट म्हणालं, परेडीच्या आधीच आरोपींचे चेहरे साक्षीदाराला दाखवले गेले होते, सबब ही ओळख मानता येत नाही. किती साधी गोष्ट! सारख्या बांध्याच्या सहा-सात जणांत आरोपी उभा करायचा, साक्षीदारानं तो निवडायचा. चेहरा आधीच दाखवला असेल तर ती परेड कसली? गॅदरिंगच्या नाटकाची रंगीत तालीम!

दाखवला कुणी? आमच्या लाडक्या दैनिकानं! तो फोटो मला लख्ख आठवतो. आरोपी खाली उकिडवे, मागे ओळीनं पोलीस पथक, मधोमध साहेब. संस्थानिक वाघ मारून फोटो काढायचे ना, तसा. देवमनची उजवी भुवई मधोमध तुटलेली, तीसुद्धा आठवते. ज्यांनी चेहरा छापून खटला बुडवला, तेच आज पहिल्या पानावर विचारतात — न्याय कुठे आहे? अरे, तुमच्याच छापखान्यात शाई लागून पडला असेल, बघा जरा!

आणखी एक गंमत. मागच्या महिन्यात एका डॉक्टरवर सून जाळल्याचा गुन्हा दाखल झाला. बातमी होती, ‘डॉक्टर कुटुंब अडचणीत’. डॉक्टरची जात? आठव्या ओळीतही नाही, ऐंशीव्या ओळीतही नाही. पारध्याला मात्र नावाच्या आधी जात मिळते. जन्मानं गुन्हेगार ठरवणारा इंग्रजांचा कायदा १९५२ साली रद्द झाला म्हणतात. त्याची एक प्रत संपादकांच्या खणात राहून गेलेली दिसते.

१४ नोव्हेंबर

चर्चा पाहिली. पडद्यावर आठ खिडक्या, आठ तोंडं, कान एकालाही नाही. बार्शीटाकळी कुठे आहे असं विचारलं असतं तर आठांतल्या सहांनी गाडी सोलापूरकडे, बार्शीला वळवली असती. एक निवृत्त अधिकारी गंभीरपणे म्हणाले, “काही समाजांच्या रक्तातच असतं.” निवेदिकेनं मान डोलावली आणि जाहिरात लागली — रक्तातली साखर कमी करायच्या काढ्याची.

मग केयूरचा फोन. हा माझा बी.ए.चा विद्यार्थी, आता स्वतःचं यूट्यूब चॅनल चालवतो. “मॅडम, तुम्ही या बाजूनं बोला ना! त्या बाजूनं सगळेच बोलून राहिले.” तत्त्वाचा माणूस! घरी येऊन कॅमेरा लावला. मध्येच म्हणतो, “थोडं अजून तापा ना मॅडम.” तापले. संध्याकाळी पाहिलं तर माझा उघडा जबडा, मागे ज्वाळा आणि वर अक्षरं — ‘कुंदाताईंनी सगळ्यांना धुतलं!’

उद्धव म्हणाला, “ज्वाळा मात्र छान आल्यात.”

१६ नोव्हेंबर

आज इथल्या सभेत पन्नास मिनिटं बोलले. सभागृह भरलेलं, अर्धे माझ्या बाजूचे, अर्धे मला ऐकायला आलेले विरोधक. माझी आवडती विभागणी!

एकच वाक्य धरलं होतं — निकालपत्र वाचा! ओरडण्याआधी वाचा. छाती बडवण्याआधी वाचा. एकशे अठरा पानं आहेत, तुमच्या लग्नपत्रिकांवर याहून जास्त नावं असतात! दर वेळी टाळी. हे वाक्य मी अकरा वेळा म्हटलं असं उद्धवनं मोजलं. (शेवटपर्यंत बसला होता! तब्येत विचारायला हवी.)

प्रश्नोत्तरांत एक गृहस्थ उठले. “मॅडम, तुमच्या घरात घुसले असते तर?” म्हटलं, “तर मी घुसलेला माणूस पकडायला सांगितलं असतं. जवळचा पारधी नाही.”

टाळ्या वाजवत उठलेलं सभागृह एक मिनिट बसेना.

१७ नोव्हेंबर

निवृत्त प्राध्यापकांच्या ग्रुपवरून मला काढलं. आता तिथे फक्त गुलाबाची फुलं आणि संधिवात उरले.

१९ नोव्हेंबर

अकोल्याहून किसनरावांचा फोन. सुबोध नागरी मंडळाचे कायमचे चिटणीस. जठारपेठेतल्या आमच्या माहेरच्या घरापासून चौथं घर. पुढच्या महिन्यातलं माझं व्याख्यान रद्द.

“काहून हो?”

“हॉलचं छत गळून राहिलं, ताई.”

“डिसेंबरात?”

“नाई, म्हणजे... गळू शकते.”

छताची ही दूरदृष्टी ऐकून फोन ठेवणार, तर हळूच पुढे म्हणाले, “आपण सुभद्राबाईच्या नावानं हायकोर्टात अपील टाकून राहिलो. सरकार अपिलात जाईन तवा जाईन. फिर्यादीले सोताचा हक्क हाय. फक्त तिची सही व्हाची हाय.”

म्हणजे त्या बाईच्या हातात पेन द्यायचा आणि देवमनला पुन्हा पिंजऱ्याच्या दारात उभं करायचं. मंडळाचं नाव सुबोध!

२२ नोव्हेंबर

अवनी आली होती. पिशवीतून निकालपत्राची प्रत काढून टेबलावर ठेवली.

“आत्या, तू हे वाचलंस?”

“त्याचं सार वाचलं.”

“कुणी काढलेलं?”

पेपरनं काढलेलं. ज्या पेपरला मी दहा दिवस शिव्या घालते आहे, त्यानं. निकालपत्र वाचा, निकालपत्र वाचा म्हणून अकरा वेळा ओरडले. मी वाचलेलं नव्हतं.

“परिच्छेद एकेचाळीस आणि बेचाळीस,” एवढं बोलून ती आत उद्धवशी गप्पा मारायला गेली. वकील पोरगी. पुरावा ठेवून बाजूला झाली.

परिच्छेद एकेचाळीस : वृत्तपत्रांत छापलेल्या छायाचित्रांत आरोपींचे चेहरे बुरख्यानं पूर्ण झाकलेले होते, त्यामुळे बचाव पक्षाचा त्यापुरता आक्षेप फेटाळण्यात येतो.

झाकलेले! मग ती तुटकी भुवई मी कुठे पाहिली?

परिच्छेद बेचाळीस उतरवून काढते. हाताला तेवढी शिक्षा. ‘तथापि, ओळख परेडीपूर्वी, दि. २ मे २०१९ रोजी, अकोला येथील एका नागरी मंडळाने तपास पथकाचा जाहीर सत्कार केला. मंचामागील फलकावर दोन्ही आरोपींचे चेहरे उघडे व मोठ्या आकारात होते. फिर्यादी स्वतः मंचावर हजर होती. प्रमुख वक्त्या फिर्यादीस फलकाकडे बोट करून दाखवीत असल्याचे छायाचित्र (निशाणी ८७) अभिलेखावर आहे.’

वक्त्यांचं नाव घातलेलं नाही. न्यायाधीश सभ्य आहेत.

अवनी जाताना म्हणाली, “जगात कुठे असं होतं का गं, आत्या? परेड व्हायची आहे, आरोपपत्र व्हायचं आहे, खटला व्हायचा आहे, आणि आपण शाल-श्रीफळ देऊन मोकळे!”

होतं. आमच्या अकोल्यात होतं. आमच्याकडे आधी सत्कार, मग तपास.

२३ नोव्हेंबर

२०१९ची रोजनिशी माळ्यावरून काढवली. वर्षाला दीडशे भाषणं होतात, सगळी कशी लक्षात राहणार, अशी एक पळवाट मनात तयार होती. रोजनिशीनं ती बुजवली. माझंच अक्षर:

‘२ मे. अकोला. सुबोध मंडळ, पोलिसांचा सत्कार. चाळीस मिनिटं. भट्टी छान जमली. शाल नेहमीचीच, पिवळी, टोचणारी. शेषरावांची विधवा बिचारी मान खाली घालून बसलेली. मी बोलता बोलता तिच्याजवळ गेले, हनुवटीला धरून मान वर केली, फ्लेक्सकडे वळवली. म्हटलं, घाबरू नका, सुभद्राबाई, डोळे भरून बघून घ्या, हेच ते नराधम! सगळं सभागृह उभं राहिलं. परतीला स्टेशनवर शेगाव कचोरी.’

कचोरी लक्षात होती. बाकी काही नाही.

अक्षर किती सुबक आलंय त्या दिवशी! एकही खाडाखोड नाही.

बाईची मान मी हातानं फिरवली होती.

केयूरचा मेसेज — ‘मॅडम, दोन लाख व्ह्यूज! पार्ट टू करू या?’

२४ नोव्हेंबर

उद्धवला सगळं वाचून दाखवलं. विनोद केला नाही त्यानं. अडतीस वर्षांत दुसऱ्यांदा.

२६ नोव्हेंबर

आज संविधान दिन. तीन ठिकाणची बोलावणी होती. घसा बसलाय म्हणून कळवलं.

दुपारी बेल वाजली. दारात एक वाळका माणूस, मागे बाई. म्हटलं, “आज काही नको.”

“इकाले नाई आलो, मॅडम. देवमन हाय मी.”

ज्याच्यासाठी मी घसा फोडला, त्याला दारातून परत पाठवत होते! आत घेतलं. पहिल्यांदा काय पाहिलं मी? भुवई. दोन्ही धड. विचारल्याशिवाय राहवेना.

“थे माह्या भावाची होती,” तो म्हणाला. “लहानपनी बैलानं मारलं होतं.”

बसायला खुर्ची दिली तर खुर्चीच्या टोकाला बसला. केसांत पांढरं, वय विचारलं तर चौतीस. म्हणाला, “आमचे वकीलसाहेब म्हने, थो सत्काराचा फोटो नसता त तू अजून अंदरच असता. थो तुमच्यामुळं निंघाला. तुमचे लय उपकार, मॅडम.”

टोमणा आहे का म्हणून मी त्याच्या तोंडाकडे पाहत राहिले. टोमणा नव्हता. टोमणा असता तर बरं झालं असतं.

तो बायकोनं मारला. शकुन तिचं नाव. चहाला हात न लावता बसली होती. “उपकार कायचे? याह्यच्याच बोलन्यानं अंदर गेला, याह्यच्याच बोलन्यानं भाईर आला. मधात माहा दीर मेला. थ्याच्यावरबी एक भाषन करा म्हना.”

“चूप वो,” देवमन म्हणाला.

“काहून चूप?” मग माझ्याकडे वळून, एकदम वेगळ्याच आवाजात, “मॅडम, थ्या बाईनं सही केली त याले पुन्हा नेतीन का? पोरगी सहा वर्साची झाली. बापाले आता ओळखाले लागली.”

म्हटलं, सही झाली तर पुन्हा कोर्ट. काय होईल सांगता येत नाही.

इतकं लहान वाक्य मी आयुष्यात कधी बोलले नव्हते.

२९ नोव्हेंबर

सकाळच्या गाडीनं अकोला, तिथून बार्शीटाकळी, पुढे रिक्षा. सुभद्राबाईंकडे गेले. देवमनसाठी गेले की स्वतःसाठी, हे वाटेत ठरवायचं होतं. ठरलं नाही.

मला पाहून त्यांना आनंद झाला! हीच तर पंचाईत. “ताई आल्या! त्या रोजी तुमीच तेवढ्या माह्याजवळ आल्या होत्या. बाकीचे दुरूनच हात जोडत होते.”

आणि ओट्यावर किसनराव. मांडीवर अपिलाचे कागद, सहीच्या जागी पेन्सिलीनं फुल्या मारलेल्या. मला पाहून नमस्कार केला, छताचा विषय काढला नाही.

मी सांगितलं. भाषणासारखं सुरू झालं, दुसऱ्याच वाक्याला घसरलं. म्हटलं, सुभद्राबाई, माझी चूक झाली. परेडीच्या आधी तो चेहरा तुम्हाला मी दाखवला. दाखवायला नको होता. म्हणून तुमची ओळख कोर्टात टिकली नाही.

त्या विचारात पडल्या. “म्हंजे मानूस थोच, पन ओळख चुकली, असं का?”

“माणूस तोच का, ते तुम्हालाच ठाऊक. मी तिथे नव्हते.”

“ताई!” किसनराव उसळले. “अवो, तुमीच त्या रोजी बोट दाखवून सांगतलं अन् आता तुमीच असं म्हनून राहिल्या? कोर्टानं या बाईले खोटी ठरवलं. अपील नाई केलं त जिंदगीभर खोटीच म्हनतीन लोक. नवरा गेला, आता इमानबी घालवता का?”

मी त्यांच्याशी भांडू शकले असते. मुद्दे होते, सात-आठ तरी.

सुभद्राबाईंनी एकदा किसनरावांकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. काहीतरी ओठांवर आलं होतं त्यांच्या. स्पष्ट दिसलं मला. मग पदर तोंडावरून फिरवला. “चा थंडा होऊन राहिला, ताई, घ्या.”

“तुमी सांगा,” फाटकापर्यंत सोडायला आल्या तेव्हा म्हणाल्या, “सही करू का नको करू?” किसनराव तीन पावलं मागे.

म्हटलं, मी सांगणार नाही. मी एकदा सांगून बसले आहे.

“कागद राहू द्या,” त्या मागे वळून किसनरावांना म्हणाल्या. “सोमवारी देतो.”

३० नोव्हेंबर

केयूरला सांगितलं, पार्ट टू करू या. त्यात निशाणी ८७ दाखवायची आणि बोट कुणाचं आहे ते मी सांगणार. म्हणाला, “मॅडम, त्यानं तुमची इमेज खराब होईल. अन् स्टोरीत व्हिलन कोण मग?” म्हटलं, लावायला ज्वाळा आहेतच तुझ्याकडे.

१ डिसेंबर

सकाळी सुभद्राबाईंचा फोन. कागद सही न करताच परत पाठवले. म्हणाल्या, “परवा किसनरावासमोर बोलता नाई आलं, ताई. दोघायनंबी तोंडाले दुपट्टे बांधले होते. डोये सोडून मले कोनाचंच काई दिसलं नाई. पोलिसायनं देवमन अन् त्याचा भाऊ आनून दाखवले, तवा मी नाई म्हटलं होतं. दोनदा म्हटलं. मंग तुमी सांगतलं. मी म्हटलं, एवढी शिकेल बाई, हिले पक्कं मालूम असन. म्हून मंग मी हो म्हटलं.”